टोपी घातलेला, टोपी घालणारा

कॉलर वर करा. मफलर असेल तर कानांवरून घ्या, माकडटोपी असेल तर लाजू नका. साल 1914, महिना फेब्रुवारी, गाव न्यूयॉर्क. पुण्याची ती गुलाबी थंडी वगैरे इथे विसरायची. तुम्ही उभे आहात त्या रस्त्याचं नाव बाउअरी. डोक्यावर लोखंडी खांबांचा मांडव, मांडवावर रूळ, रुळांवरून विजेची गाडी. ती गेली की थरथर पायांतून चढते ती थेट दाढांपर्यंत. आणि वरून वितळलेल्या बर्फाचा एक थेंब नेमका तुमच्या मानेत पडला ना? ठीक. आता तुम्ही इथले झालात.

गल्लीच्या तोंडाशी हातगाड्या लागल्यात. पिंपात मुरणाऱ्या काकड्यांचा आंबूस वास येतो, त्याच्या पाठोपाठ खारवलेल्या माशांचा. कोकणातले असाल तर इथे तुमचं पाऊल जरा रेंगाळेल. पुढे पत्र्याच्या शेगडीवर भाजलेली रताळी, आणि तिच्या शेजारी (हे बघून तुम्हाला हायसं वाटेल) उकडलेले गरम हरभरे, कागदाच्या पुडीत. विकणारा यिडिशमध्ये ओरडतोय, पण हरभऱ्याची भाषा तुम्हाला कळते. घ्या एक पुडी. खाऊ नका लगेच, नुसती बोटं शेका.

कोटाच्या उजव्या खिशात एक नाणं टाकून ठेवलंय, चाचपून बघा. एका बाजूला तिथल्या मूळ रहिवाशाचा चेहरा, दुसऱ्या बाजूला खाली मान घातलेला रानगवा. हे पाच सेंट, म्हणजे एक निकेल. समोर दिव्यांची कमान लावलेलं ते दुकान दिसतंय? कालपरवापर्यंत तिथे कापड किंवा किराणा विकत असतील. आता तिथे अंधार विकतात. आत शिरायला एक निकेल, म्हणून त्याला निकेलोडियन म्हणतात.

पुढे सरकणार तेवढ्यात कुणीतरी तुमची बाही ओढतं. नऊ-दहा वर्षांचं पोरगं. कॅप कानांवर आलेली, नाक वाहतंय, मुठीत स्वतःचं निकेल घामेजलेलं.

"साहेब, मला आत न्या ना. पैसे माझेच आहेत."

भीक मागत नाहीये, गैरसमज नको. इथे सोळा वर्षांखालच्या पोराला मोठं माणूस बरोबर असल्याशिवाय आत सोडायचं नाही असा कायदा आहे. त्यामुळे दर संध्याकाळी या दारापाशी पोरांचा घोळका बाप शोधत उभा असतो. तुमचा चेहरा बापासारखा वाटला, एवढंच. काचेच्या खोक्यात बसलेली तिकीटवाली तुमच्याकडे बघते, पोराकडे बघते. तुमचं नाक आणि त्याचं नाक यांचा सात पिढ्यांत संबंध नाही हे तिला कळतं. दोन तिकिटं फाडते. आज संध्याकाळपासून असले किती बाप तिने आत सोडले असतील!

न्यूयॉर्कात येऊन पाच मिनिटं झाली नाहीत आणि तुम्ही एक छोटीशी लबाडी करून मोकळे झालात. बरं झालं. आजचा खेळ त्याच जातीचा आहे.

आत शिरा. आधी काहीच दिसणार नाही, नुसते वास येतील. ओल्या लोकरीचा पहिला. मग सोललेल्या संत्र्यांचा. मग दोन-अडीचशे माणसांच्या श्वासांचा, त्यात लसूण, बिअर आणि कोणाचं तरी लंगोटातलं बाळ. या सगळ्यावर उतारा म्हणून एक पोऱ्या पिचकारी घेऊन रांगांमधून फिरतोय आणि हवेत सुगंधी पाणी उडवतोय. त्याने वास जात नाही, फक्त वाढतो. पायाखाली भुईमुगाची टरफलं कुरकुरतात. खुर्ची लाकडी आहे आणि शेजारणीच्या खुर्चीला ठोकलेली आहे, त्यामुळे ती हसली की तुम्हीही हलाल.

मागे वळून बघा. भिंतीला टेकून पत्र्याने मढवलेली एक पेटी आहे, माणूस जेमतेम मावेल एवढी. पत्रा अशासाठी की ही फिल्म ज्या पदार्थाची असते तो बंदुकीच्या दारूचा सख्खा चुलतभाऊ. आत ऑपरेटर एका हाताने हँडल फिरवतो. घरी जायची घाई असली की हात भराभर चालतो, आणि पडद्यावरची माणसं धावायला लागतात. उजवीकडे पियानो, शेजारी एक ढोलवाला. पियानो वाजवणारी मुलगी सतरा-अठरा वर्षांची असेल. ती पडद्याकडे बघत काहीतरी चघळते आहे आणि तिचे हात परक्या माणसाचे असल्यासारखे आपापलं काम करताहेत.

पडद्यावर काचेची पाटी येते: बायकांनी कृपया टोप्या काढाव्यात. तुमच्या पुढच्या बाईच्या डोक्यावर अख्खी बाग आहे, पिसांसकट. ती काढते, मांडीवर ठेवते, आणि पडदा प्रथमच पुरता दिसतो.

चित्राचं नाव 'मेकिंग अ लिव्हिंग'. आपल्या भाषेत म्हणायचं तर पोटापाण्याचा उद्योग. एकच रीळ, पंधरा मिनिटांच्या आतबाहेर. कंपनी कीस्टोन. पडद्यावर एक माणूस येतो, त्याला नीट बघून घ्या. उंच रेशमी टोपी, लांब कोट, एका डोळ्याला भिंग, हातात छडी, तोंडावरून खाली ओघळलेल्या मिशा. लांबून बघाल तर लॉर्ड. जवळून बघाल तर कोटाच्या कडा झिजलेल्या आणि लॉर्डसाहेब सकाळपासून उपाशी. मराठीला या माणसासाठी फार शोधावं लागत नाही. टोपी त्याने घातलेली आहेच, आता तो टोपी घालणार आहे.

रस्त्यात त्याला एक बातमीदार भेटतो. भामटा त्याच्यापुढे आपल्या हलाखीची कहाणी लावतो. बातमीदाराला दया येते, तो नाणं काढतो. भामटा नाण्याकडे बघतो आणि त्याचा चेहरा पडतो. एवढंसं? मला? तो ते झिडकारतो. बातमीदार खांदे उडवून नाणं परत खिशात घालायला लागतो, आणि तेवढ्यात भामट्याची बोटं विंचवाच्या नांगीसारखी येऊन ते उचलतात. मान अजून अपमानाने ताठच.

सभागृह फुटतं. तुमच्या शेजारची मुलगी मधल्या पाट्या वाचून म्हाताऱ्या आईला यिडिशमध्ये सांगत होती. इथे तिला काहीच सांगावं लागलं नाही, म्हातारी तिच्या आधी हसली. ज्या देशातून ती आली तिथेही हा माणूस होता. आपल्या चाळीतही असतोच की. इस्त्रीचा शर्ट, तोंडात साहेबी शब्द, आणि "सोमवारी नक्की" म्हणून नेलेले हातउसने. पैसे बुडाल्याचं दुःख एक वेळ विसरतं. पण त्याने ते आपल्यावर उपकार केल्यासारखे घेतले, हे विसरत नाही. पडद्यावरच्या त्या मानेत नेमकं तेच आहे. ही मान ज्याची, त्याला कॅमेऱ्यासमोर उभं राहून फार दिवस झालेले नाहीत. खरं तर आजचा हा त्याचा पहिलाच चित्रपट.

उठा. पुढच्या बाईच्या बागेवर पाय न देता पडद्यापर्यंत जा आणि त्या उजेडात हात घाला. कोपरापर्यंत. आता खांदा.

ऊन! डोळे मिटा आधी, मग हळूहळू उघडा. कोट काढा, मफलर काढा, पाठीवर घामाची धार लागेल. तुम्ही साताठ आठवडे मागे आणि देशाच्या दुसऱ्या टोकाला आला आहात. लॉस एंजेलिसच्या कडेचं एडेनडेल. हिवाळा इथे फक्त कॅलेंडरात असतो. धुळीचा रस्ता, निलगिरीच्या पानांचा झणका, घोड्याची लीद, मधूनच घणघणत जाणारी ट्राम. समोर हिरवं कुंपण, कुंपणाच्या आत एक मोडकळीला आलेलं शेतघर. हा कीस्टोनचा स्टुडिओ, जगातला सगळ्यात गाजलेला हास्याचा कारखाना. आपल्याकडच्या तालुक्याच्या लाकडाच्या वखारीला यापेक्षा जास्त रुबाब असेल.

जेवणाची सुट्टी झालीय. फाटकातून एक लोंढा बाहेर येतो: शिरस्त्राणं काखेत मारलेले पोलीस, नवरीच्या पोशाखातली एक बाई, चेहऱ्यावर बोटभर जाडीचा रंग थापलेले आठदहा पुरुष. सगळे रस्ता ओलांडून दुकानात घुसतात आणि सँडविच, हॉटडॉग चावत बाहेर पडतात. एकमेकांच्या नावाने ओरडतात, ढुशा देतात. त्यांच्यापासून दूर, रस्त्याच्या या बाजूला एक सडपातळ, देखणा, ठेंगणा पोरगा उभा आहे. चोवीस वर्षांचा. निळे डोळे, नीटनेटके कपडे. तो फाटकाकडे बघतो, गर्दीकडे बघतो आणि पाठ फिरवून हॉटेलवर परत जातो. उद्याही तो इथवर येईल आणि आत शिरायची हिंमत न झाल्याने मागे फिरेल. शेवटी मालकाचाच फोन येईल की बाबा, आहेस कुठे? फ्रेड कार्नोच्या इंग्लिश नाटकमंडळीतला नावाजलेला दारुडा, म्हणजे दारुड्याची भूमिका करणारा. आठवड्याला दीडशे डॉलरवर इथे आणलेला चार्ल्स चॅप्लिन. पगार मंडळीतल्या पगाराच्या दुप्पट, आणि छातीत धडधड त्याहून जास्त.

थोडे दिवस पुढे सरका आणि कुंपणाच्या आत या. आवाजाने गांगरू नका. मुका चित्रपट म्हणजे शांतता, अशी आपली समजूत असते; इथे येऊन ती मोडते. फळ्यांच्या एका मोठ्या ओट्यावर तीन देखावे शेजारी शेजारी लावलेत आणि तिन्हींत एकाच वेळी कामं चाललीत. एकात बाई किंचाळतेय, दुसऱ्यात कपबशा फुटताहेत, तिसऱ्यात सुतार भिंत ठोकतोय. कुणी कुणाला गप्प करत नाही. कॅमेऱ्याला कान कुठे आहेत? डोक्यावर पांढऱ्या कापडाचं छत ताणलंय, वारा आला की ते शिडासारखं फडफडतं. त्यातून गाळून येणारं ऊन हाच इथला दिवा. इकडे आपल्या दादरला 'राजा हरिश्चंद्र' काढताना फाळक्यांनीही हाच दिवा वापरला होता, त्याचं बिल येत नाही म्हणून. फाळक्यांनी पुढे 'पिठाचे पंजे' नावाचा छोटा विनोदी चित्रपटही काढला तो याच सुमारास. हसवायची खाज दोन्ही किनाऱ्यांवर एकदमच उठली होती म्हणायची.

नटांच्या तोंडांकडे फार वेळ बघू नका, दचकाल. या फिल्मला लाल रंग काळा दिसतो आणि निळा पांढरा. लाजून लाल झालेली नायिका पडद्यावर माती फासल्यासारखी दिसेल. म्हणून प्रत्येकाने तोंडाला लेप दिलाय आणि डोळ्यांभोवती काजळाचा काठपदर. उन्हात तो लेप वितळतो, त्याचा तुपकट वास कपड्यांतल्या डांबराच्या गोळ्यांच्या वासात मिसळतो. मालक मॅक सेनेट कडेला तंबाखू चघळत उभा आहे. त्याने नव्या पोराला सांगून टाकलंय की इथे लिहिलेलं नाटक वगैरे काही नसतं. एक कल्पना घ्यायची, तिच्या मागे जायचं, शेवटी पळापळ. सेनेटला पोराला पाहून धक्काच बसला होता. रंगमंचावर दारुडा चांगला वयस्क वाटलेला, आणि हा तर कालचा मुलगा!

आता मधल्या देखाव्यापाशी चला. कॅमेऱ्याच्या मागे-पुढे नाचत, हात उडवत जो ओरडतोय तो हेन्री लेहरमन. या चित्राचा दिग्दर्शक. आणि पडद्यावर ज्याच्याकडून नाणं घेतलं तो बातमीदारही तोच. म्हणजे ठकवला जाणारा आणि ठकवायला सांगणारा एकच. लेहरमनला कंपनीत सगळे 'पाते' म्हणतात. हे टोपणनाव कसं पडलं त्याची एक गोष्ट सांगतात: चित्रपटात शिरकाव मिळावा म्हणून त्याने आपण फ्रान्सच्या पाते कंपनीत काम करून आलोय अशी थाप ठोकली. थाप उघडी पडली, पण नोकरीही टिकली आणि नावही. भामट्याचा चित्रपट काढायला याहून लायक माणूस कुठून आणणार?

नवा पोरगा आता लॉर्डाच्या वेषात आहे. कॅमेरावाला हँडल फिरवतो, सेकंदाला दोन फेरे, घड्याळासारखा हात. प्रसंग वर्तमानपत्राच्या कचेरीतला. भामटा संपादकाकडे नोकरी मागायला आलाय आणि बोलण्याच्या भरात संपादकाच्या गुडघ्यावर थापा मारतोय. संपादक गुडघा बाजूला घेतो. भामटा, बोलणं न थांबवता, गुडघा जागेवर आणून ठेवतो आणि पुन्हा थाप. कडेचे सुतार हातोडी थांबवून बघतात. एक हसतो. नाटकमंडळीत वाढलेल्या पोराला ते हसू ऐकू येतं, आणि त्याला एकदम हुरूप येतो. इथे एक, तिथे एक, अशा गंमती तो भरत सुटतो.

लेहरमन मात्र हसत नाही. तुम्ही त्याच्या शेजारीच उभे आहात, बघा तोंड. चॅप्लिनने पुढे आत्मचरित्रात लिहून ठेवलं की कापाकापीच्या खोलीत त्याच्या गंमती मधूनच छाटल्या गेल्या, चित्र पाहून त्याला रडू यायचं बाकी राहिलं. आणि बऱ्याच वर्षांनी लेहरमनने कबूल केलं की हे मुद्दाम केलं होतं, पोरगा फार शहाणा वाटला म्हणून. पडद्यावर भामटा बातमीदाराचा कॅमेरा पळवतो. पडद्याबाहेर बातमीदाराने भामट्याचं हसू पळवलं. माझं मत विचाराल तर दुसरी चोरी मोठी. पहिलीत निदान पळापळ तरी होती.

रस्त्यावर काम निघालंय, मागे मागे चला. कीस्टोनला रस्ते, टेकड्या, बघे, कुत्री सगळं फुकट लागतं. कोण भाडं देतंय? उतारावरून एक मोटार गडगडत खाली येते, खाली माणूस अडकतो. बातमीदार धावत येतो, आणि मदत करायची सोडून कॅमेरा रोखतो. भामटा संधी साधून तोच कॅमेरा पळवतो, कचेरी गाठतो, फोटो आपला म्हणून खपवतो. मधल्या काळात बातमीदार भलत्याच बाईच्या शेजघरात सापडतो आणि तिथे नवरा येतो. तपशील विचारू नका, चित्रपटालाही तो फारसा सांगायचा नाहीये. धूळ उडते, पोलीस येतो, दोघे रस्त्याच्या मधोमध एकमेकांच्या गळ्याला भिडलेत. तुमच्या नाकातोंडात धूळ गेलीय, उन्हाने टाळू तापलीय, आणि तुम्ही नको तिथे उभे आहात. रुळांवर. घंटा ऐकू येते का? ट्राम येतेय. तिच्या पुढच्या बाजूला सुपासारखी जाळी असते, आडवा आलेला माणूस चाकाखाली जाऊ नये म्हणून. भांडणारे दोघे त्या सुपात पाखडल्यासारखे उचलले जातात, ट्राम तशीच पुढे तुमच्या अंगावर येते, आणि

धाड. खुर्ची. टरफलं. ओली लोकर. ढोलवाल्याने मोठी झांज वाजवली ती बरोबर वेळेवर. पडद्यावर दोघे ट्रामच्या तोंडाशी लटकत अजून भांडताहेत आणि चित्र संपतं. म्हातारी डोळे पुसते. पियानोवाली बोटं मोडते. पडद्यावर पाटी: रीळ बदलेपर्यंत क्षणभर थांबा. पोरं पायांनी फरशी बडवायला लागतात, कारण त्यांच्या क्षणाला मर्यादा असते.

हरभरे आता खा. गार झालेत, पण मीठ बरोबर आहे.

पाहिलंत त्यात छाटलेल्या गंमतींचे तुकडे होते, कुठे थाप पडलेली पण गुडघा परत आलेला दिसत नाही, असं. तरी मधे मधे त्या माणसाची मान, बोटं, छडी फिरवायची ढब उरलीच. व्यापाराच्या एका पत्रकाने भामटा रंगवणाऱ्या या अनोळखी नटाची तारीफ केली, नावाशिवाय. तुमच्या पोराला विचारा, त्यालाही नाव ठाऊक नाही. तो फक्त तुमची बाही ओढून म्हणतो, "तो नाणं घेतो ना, ते परत दाखवतील?" दाखवतील. पुढच्या तासाला, पुढच्या निकेलला. मग तो अंधारात खाली सरकतो आणि दोन रांगा सोडून दुसऱ्या कुणाच्या तरी शेजारी जाऊन बसतो. हाकलायला आले तर त्यांचाही बाप तयार हवा.

बाहेर पडा. थंडी अजून तशीच आहे. कॉलर वर करा, वरून थेंब पडतोय.

जाण्यापूर्वी एक सांगायचं राहिलं. हे चित्र 2 फेब्रुवारीला आलं. 7 फेब्रुवारीला याच कंपनीचं दुसरं एक छोटं चित्र येतंय, पोरांच्या मोटारशर्यतीचं. दिग्दर्शक तोच लेहरमन, नट तोच. रेशमी टोपी, भिंग आणि लोंबत्या मिशा गेल्या आहेत. कोट तंग, विजार ढगळ, मिशी दातघासणीएवढी, डोक्यावर छोटी गोल टोपी. तो शर्यतीच्या कॅमेऱ्यापुढे येऊन उभा राहतो, हाकलला तरी परत येतो. बघून या. पाच सेंट मात्र आता तुमचे तुम्ही आणा, आणि दारात कुणी बाही ओढली तर त्यालाही आत न्या.